चोवीसची लेन्स आणि सहा नंबरची कोठी

ब्लूमफेल्ड, कॅन्सस
३ मार्च १९९३

मार्लिस,

पत्र फाडण्याआधी एवढं वाच. घरी ये असं यात कुठेही लिहिलेलं नाही. एक कामाचा प्रश्न आहे, आणि तो विचारावा असं माझ्या ओळखीत दुसरं कुणी नाही.

आपल्या धान्य सोसायटीला जूनमध्ये पंचाहत्तर वर्षं होतायत. एल्डन परवा सोसायटीच्या वजनकाट्यावर माझ्या टेबलाशी आला आणि म्हणाला, पुस्तिका काढायची आहे, कोठ्यांचे आणि माणसांचे फोटो हवेत, विचिटाहून माणूस कशाला बोलवायचा, मार्लिसचा कॅमेरा तुमच्याकडे पडूनच असेल. तो मॅनेजर म्हणून बोलत होता, तुझ्या बाबांचा चुलतभाऊ म्हणून नाही. मी हो म्हणाले.

कॅमेरा तुझ्या कपाटात होता तिथेच होता. वाचनालयातून पुस्तक आणून तीनदा वाचलं. पहिल्या वेळी काही कळलं नाही, दुसऱ्या वेळी लिहिणाऱ्याचा राग आला, तिसऱ्या वेळी कळलं.

अडचण अशी आहे. त्यावर जी पन्नासची लेन्स आहे, तिच्यात माझ्या स्वयंपाकघराचा एक कोपरा कसाबसा मावतो. कोठीच्या छतावर माणूस उतरण्यापुरतं एक झाकण असतं, त्यातून आतला फोटो घ्यायचा आहे. मागे सरकायला जागा नाही, मागे सरकलं की साठ फूट खाली. आत अंधार. आणि फ्लॅश वापरायचा नाही. हवेत धान्याची धूळ असते, तिथे कुणी काडीसुद्धा ओढत नाही.

पुस्तकात म्हटलंय की झूम घेतली की सगळी कामं एकीनेच होतात. मला शंका आहे. तू काय घेतलं असतंस?

इकडे सगळं ठीक. थंडी संपत आली. तुझा भाऊ ऑरिन बरा आहे. जानेवारीपासून तो सोसायटीत लागला.

आई

———

२२ मार्च

मार्लिस,

तुझं कार्ड आलं. साडेतीन वर्षांतलं पहिलं. "२४ एमएम. एफ दोन किंवा त्याहून उघडी. झूम नको, अंधारात मार खाशील. जुनी चालेल. ऑरिन तिथे का?"

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर पुढच्या पत्रात देते. आधी लेन्सचं.

विचिटाला एक मिस्टर साबा म्हणून आहेत, लेबनॉनी म्हातारे, त्यांच्या दुकानात कॅमेऱ्यांपेक्षा खुर्च्या जास्त. त्यांनी विचारलं, "लग्न आहे का घरात, बाई?"

"नाही. कोठी आहे."

"कोंबड्यांची?"

"ज्वारीची."

त्यांनी चष्मा पुसला आणि तीन लेन्स काउंटरवर मांडल्या. एक झूम होती, लाटण्याएवढी. म्हणाले, ही घ्या, हिच्यात सगळं येतं. मी म्हणाले, "पण ही एफ चार आहे. दोनवाली चौपट उजेड घेते."

"कोण शिकवतं तुम्हाला?"

"मुलगी. ओरेगनला असते."

"दोनचा आकडा चारपेक्षा मोठा असतो, हे माझ्या बायकोला तीस वर्षांत पटलं नाही. तुमची मुलगी हुशार आहे." मग त्यांनी झूम स्वतःच आत ठेवून दिली.

उरल्या दोन चोवीसच्या. एक नवी, एफ एक पूर्णांक चार. एवढी जड की कॅमेरा पुढे वाकत होता. दुसरी जुनी, एफ दोन, काळा रंग झिजून खालचं पितळ दिसत होतं. साबांनी ती दिव्यासमोर धरून मला आत बघायला लावलं. म्हणाले, "धूळ आहे, ती फोटोत येत नाही. पात्यांवर तेल नाही. बुरशी असती तर मी शत्रूलाही दिली नसती." लेन्सच्या गोल कड्यावर बोट ठेवलं की ते लोण्यासारखं फिरतं. मी जुनी घेतली. निघताना म्हणाले, "पूर्ण उघडी ठेवलीत तर अंतर नीट लावा. चुकलात तर नाक स्पष्ट आणि माणूस पुसट."

तेव्हापासून मी घरभर फिरते आहे. बायकांच्या गोधडी शिवायच्या बैठकीला कॅमेरा नेला, तर ट्वायला आत्याचा फोटो असा आला की तिचं डोकं भोपळ्यासारखं लांबलं. तिने तो हातात घेऊन विचारलं, "ही मी, की माझी कुणी मावशी?"

"तुम्ही कडेला बसला होतात. या लेन्समध्ये कडेचं ताणलं जातं."

"मग मधे कुणाला बसवलंस? केकला?"

दुसऱ्या वेळी तिला मधे बसवलं, तर ती दाण्याएवढी. चेहरा नीट यायला मला तिच्या गुडघ्याला गुडघा लावावा लागला. ती म्हणाली, "लिओटा, एवढी जवळ तू आमच्या मिल्फर्डशी लग्न केलंस तेव्हाही आली नव्हतीस."

हे मला नवीन होतं. मला वाटायचं, रुंद दिसणाऱ्या लेन्सने लांब उभं राहून सगळं टिपता येत असेल. उलटं आहे. ही लेन्स पुढे जायला लावते.

आई

———

६ एप्रिल

मार्लिस,

तू पुन्हा कार्ड पाठवलंस आणि त्यावर तेवढा एकच प्रश्न. म्हणून लिहिते.

ऑरिन सोसायटीत आहे कारण एल्डनने विचारलं आणि त्याला गावात राहायचं होतं. महिनाभर तो काट्यावर माझ्या शेजारी बसत होता. फेब्रुवारीत त्याला कोठ्यांवर घातलं. आता तो सहा नंबरवर आहे. हो, बाबा गेले तीच.

या वर्षी ज्वारी ओली भरली गेली. वर खपली धरली आहे. तळाशी फिरणारा मोठा स्क्रू धान्य खालून ओढून नेतो, आणि खपली तळ्यावरच्या बर्फासारखी तशीच राहते, खाली पोकळ. मग कुणीतरी आत उतरून गजाने ती फोडायची आणि धान्य पायाने चालवत स्क्रूकडे लोटायचं. हे तुला सांगायला नको. पण लिहिलं की जरा बरं वाटतं, म्हणून लिहिते.

वारा दक्षिणेचा असला की स्क्रूचा आवाज माझ्या स्वयंपाकघरापर्यंत येतो. सकाळी सातला सुरू होतो. मी पिठात हात घालून उभी असते. मधेच थांबला तर माझा श्वास अडकतो. परत लागला तरी सुटत नाही. दुपारी ऑरिन जेवायला येतो, त्याच्या गाडीचं दार आपटतं, तेव्हा मला कळतं की पीठ केव्हाचं फुगून भांड्याबाहेर आलंय.

मी त्याला म्हटलं, पट्टा आणि दोर लावत जा.

"आई, पट्टा ऑफिसात आहे. अजून प्लॅस्टिकमध्ये. दोर पायात येतो, काका म्हणतात."

"निदान स्क्रू बंद करून उतर."

"स्क्रू बंद केला तर धान्य हलणार कसं? आणि झाकणाशी माणूस उभा करायचा तर काट्यावर कोण? तू उगाच घाबरतेस. बाबांना चक्कर आली होती. मला येते का चक्कर? हे बघ." तोंडात बीरॉक, तो कोबी-खिमा भरलेला पाव, धरून, हात पसरून, तो स्वयंपाकघरात एका पायावर उभा राहिला. बगळ्यासारखा. कोबी खाली सांडला. मी वळून शेगडी पुसायला लागले.

ती चक्कर कुठून आली, ते तुला माहीत आहे.

तू कधी विचारलं नाहीस, मी कधी सांगितलं नाही. अंत्यसंस्काराच्या दुसऱ्या दिवशी दुपारी एल्डन आणि पास्टर आले. एल्डन रडत होता, ते खोटं नव्हतं. म्हणाला, "उद्या सुरक्षा खात्याचा माणूस येतोय. लिओटा, आपल्यात भावाला कोर्टकचेरीत ओढत नाहीत. सोसायटी बंद पडली तर अख्खं गाव धान्य कुठे नेणार? मिल्फर्डला त्या सकाळी जरा गरगरत होतं ना?" पास्टर मांडीवरच्या टोपीकडे बघत होते. मला वाटलं, माणूस तर गेला. आता कशाने गेला याने काय फरक पडतो. मी त्या माणसाला सांगितलं, हो, अधूनमधून चक्कर यायची, त्या दिवशी काही खाऊनही गेले नव्हते.

तू दारात उभी होतीस. चार अंडी तूच तळून दिली होतीस त्यांना. तू बोलली नाहीस, आणि आठवड्याने बॅग घेऊन गेलीस.

फरक पडतो, हे मला ऑरिन एका पायावर उभा राहिला तेव्हा कळलं. तो कोठीत उतरतो तो माझ्या शब्दावर.

त्याला खरं सांगून टाकणं सोपं आहे असं तू म्हणशील. मी तीनदा तोंड उघडलं. एकदा मीठ मागितलं, एकदा हवेचं विचारलं. तिसऱ्यांदा तो म्हणाला, काय गं, आणि मी म्हणाले, काही नाही.

म्हणून फोटो. पुस्तिका हे निमित्त आहे. मला एकाच फोटोत तीन गोष्टी हव्यात: ऑरिन, त्याच्या कमरेला काही नाही, आणि स्क्रूच्या वर धान्यात गरगरणारा खड्डा. तो नाव न घालता सुरक्षा खात्याला पाठवून देईन. फोटोला कुणी विचारत नाही की तू त्या वेळी काय म्हणाली होतीस.

पहिला रोल फुकट गेला. लेन्स पूर्ण उघडी, सेकंदाचा तिसावा भाग, श्वास रोखून धरला, हात हलला नाही. उजेड पुरला. पण झाकणातून काढले म्हणून ऑरिन परातीतल्या मुंगीएवढा. पट्टा आहे की नाही कळत नाही. आतल्या बाजूला शिडी आहे. दोन-चार पायऱ्या उतरून जवळून घ्यावा लागेल. पुढच्या बुधवारी जाते. एल्डनला सांगून ठेवलंय, पुस्तिकेला माणसं कामात असलेली हवीत. तो म्हणाला, छान, छान.

मला भीती वाटते आहे. हे ऑरिनला सांगू नकोस. सांगणार तरी कशी तू, तुमचंही बोलणं नाही.

आई

———

१५ एप्रिल, न्यूटनचं हॉस्पिटल

मार्लिस,

ऑरिन जिवंत आहे. हेच आधी लिहिते.

काल सकाळी साडेदहाला मी आतल्या शिडीवर चौथ्या पायरीवर होते. डावा हात शिडीत अडकवून, उजव्यात कॅमेरा. ऑरिन खाली गज मारत होता. त्याने वर बघून जीभ काढली. मी म्हटलं, काम कर, मी नाहीच असं समज. त्याने पाठ केली. लेन्समधून मला खड्डा दिसला, पलीकडे, कोठीच्या मध्यावर, गरगरत बारीक होत गेलेला. मी ओरडले. तो वळला, आणि त्याच्या पायाखालची खपली मोडली.

आधी गुडघे. त्याला हसू आलं, खरंच. मग कंबर, आणि हसू गेलं. मी "स्क्रू, स्क्रू" ओरडत वर गेले. झाकणाशी कुणी नव्हतं, नसतंच. एल्डन काट्यावर होता, त्याने मला छतावर हात हलवताना पाहिलं आणि तो धावला. त्याला या वयात धावताना मी कधी पाहिलं नव्हतं. स्क्रू थांबेपर्यंत ज्वारी छातीला लागली होती.

मी परत आत उतरले. ऑरिन म्हणाला, "आई, खाली पाय टाकू नकोस. तुला माझी शपथ." त्याने श्वास सोडला की दाणे पुढे सरकायचे, आणि पुढचा श्वास आधीपेक्षा कमी यायचा. चेहऱ्याचा रंग माझ्या डोळ्यांसमोर बदलला.

गावातली अग्निशमनवाली पोरं प्लायवुडच्या फळ्या घेऊन आली. फळ्या त्याच्याभोवती एकेक करून खाली ठोकल्या, खोक्यासारख्या, आणि आतली ज्वारी कॉफीच्या डब्यांनी उपसली. पावणेतीन तास. एल्डन पोटावर पालथा पडून हातांनी उपसत होता, त्याच्या नखांतून रक्त येत होतं.

ऑरिन म्हणाला, काहीतरी बोल, आई. माझ्या तोंडात काहीच येईना. प्रार्थना येईना, गाणं येईना. आलं ते लेन्सच्या कड्यावरचं. मी म्हणाले, "दोन." त्याने श्वास घेतला. "दोन आठ." घेतला. "चार. पाच सहा. आठ. अकरा. सोळा. बावीस." मी थांबले तर तो ओठ हलवायचा, पुढे? पुढे नसतं, बावीसला संपतं, म्हणून परत दोनपासून. किती वेळा, देव जाणे. अग्निशमनवाल्यांतला एक पोरगाही शेवटी माझ्याबरोबर म्हणत होता.

दोन बरगड्यांना तडा आहे. कानातून अजून ज्वारी निघतेय. नर्स म्हणते, पेरली असती तर उगवली असती.

फिल्म अजून कॅमेऱ्यातच आहे. माझ्या गळ्यात होता तो, पूर्ण वेळ. मला कळलंही नाही.

आई

———

२१ एप्रिल

मार्लिस,

रोल धुऊन आला. तो फोटो बरोबर पाठवते आहे. पत्र वाचून होईपर्यंत तो बघू नकोस.

काल एल्डन आला होता. बोटांना पट्ट्या. त्याने स्वतःच विचारलं, फोटो आला का. मी टेबलावर ठेवला. बराच वेळ बघून तो खुर्चीत मागे टेकला आणि मोठा श्वास सोडला.

"लिओटा, तू मला केवढं घाबरवलंस! मी सहा दिवस झोपलो नाही. हे बघ, पोरगा कुठे आणि खड्डा कुठे. पंधरा फूट तरी अंतर आहे. एवढ्या लांब असताना कुणीही काम करतं. तू ओरडलीस, तो दचकला, पाय घसरला. तुला दोष देत नाही मी, आईच ओरडणार. पण दोष कुणाचाच नाही."

मी फोटो माझ्याकडे वळवला. मार्लिस, तो बरोबर बोलत होता. फोटोत तसंच आहे. ऑरिनची पाठ मोठी, अगदी पुढे. पट्टा नाही, तेही स्पष्ट. पण खड्डा मागे, लांब, बशीएवढा. ज्वारी अशी पसरलेली की एखादं मैदान वाटावं. मी कॅमेरा खाली घेतला तेव्हा ते अंतर चार फूट होतं. मी घरात बसून पुस्तकात वाचलं होतं, या लेन्समधून जवळचं जास्त जवळ येतं आणि मागचं पळून जातं. ट्वायला आत्याचा भोपळा बघून हसलेही होते. आणि शिडीवर ते विसरले.

आता जे लिहिते ते हॉस्पिटलातून लिहिताना गाळलं होतं. मी लिहिलं होतं, खड्डा दिसला आणि मी ओरडले. त्या दोहोंच्या मधे एक गोष्ट आहे. हा फोटो आहे, म्हणजे ती असणारच, तू आधीच ओळखलं असशील. मी बटण दाबलं. खड्डा दिसला, मला वाटलं लांब आहे, वेळ आहे, आणि तीनही गोष्टी एकत्र आल्या होत्या, हव्या होत्या तशा. मी श्वास रोखला, हात स्थिर केला आणि बटण दाबलं. मग कॅमेरा खाली घेतला, आणि मग ओरडले.

किती वेळ गेला ते मी रोज मोजते. कड्यावरचे आकडे उपयोगी पडत नाहीत.

सुरक्षा खात्याची बाई २७ तारखेला येते आहे. मी तिथे होते म्हणून माझ्याशी बोलायचंय तिला. एल्डन जाताना दारात म्हणाला, "फोटोत दिसतं तेवढंच सांग. जास्त नको, कमी नको." पास्टरांचा दोनदा फोन आला. मी उचलला नाही.

ऑरिन घरी आला आहे, सोफ्यावर उशी पोटाशी धरून पडतो. काल म्हणाला, "तीन मेपासून परत जातो, आई. काकांना सांगितलंय." मी विचारलं, सहावर? म्हणाला, "मग काय, घाबरून बसू? पाय घसरला, बस. मला काही चक्कर आली नव्हती."

तीन मे म्हणजे बारा दिवस. मी आता कोठीला घाबरत नाही. मी त्या बाईला घाबरते, आणि सोफ्यावर ऐकत पडलेल्या मुलाला. तुझं कार्ड आलं तर बरं होईल, काय करावं एवढंच लिही.

आई

———

४ मे

मार्लिस,

कार्ड आलं नाही. पोस्टात असेल, किंवा तू लिहिलं नसशील. दोन्ही मला समजतं.

ती बाई आली. हॅलोरन नाव, तुझ्याच वयाची, बुटांना चिखल. दारात बूट काढायला लागली, तेव्हा मला ती बरी वाटली. एल्डन आधीच येऊन बसला होता, चर्चला घालतो तो शर्ट, खिशात पेनं. ऑरिन सोफ्यावर. मी रुबार्बची गोड पाई ठेवली. ती म्हणाली, कामावर असताना आम्ही खात नाही. आणि मग खाल्ली.

एल्डनने फोटो तिच्याकडे सरकवला. "बघा ना तुम्हीच. अंतर स्पष्ट दिसतंय."

तिने बघितला. म्हणाली, "हो, बरंच लांब दिसतंय." तिने लिहायला पेन काढलं.

मार्लिस, ती ते लिहिणार होती आणि ते कायमचं होणार होतं. मी उठून कॅमेरा आणला, तीच लेन्स लावलेला, आणि तिच्या हातात दिला. म्हटलं, "डोळ्याला लावा. दुसरा डोळा मिटा. समोर एल्डन आहे. किती लांब आहे?"

तिने कडं फिरवलं. "नऊ फूट असतील. दहा."

"कॅमेरा तसाच धरा. आता दुसरा हात सरळ पुढे करा."

तिने हात लांब केला तो थेट एल्डनच्या खिशात गेला. पेनं खाली पडली. एल्डन म्हणाला, "अहो, अहो!" ऑरिन हसायला गेला आणि बरगड्या धरून कण्हला. बाईने कॅमेरा खाली घेतला, एल्डनकडे पाहिलं, स्वतःच्या हाताकडे पाहिलं. काहीतरी खोडलं आणि परत लिहिलं. म्हणाली, मी उद्या हाच कॅमेरा घेऊन शिडीवर जाईन, स्क्रू बंद करून, दोर बांधून, आणि टेपने मोजेन.

मला वाटलं, सुटले. फोटोने काम केलं, मला काही बोलावं लागलं नाही.

मग तिने पिशवीतून एक जुनी फाइल काढली. "मिसेस रात्झलाफ, याच कोठीत तुमचे यजमान गेले. तुमचा जबाब आहे की त्यांना चक्कर यायची."

मी उत्तर देण्याआधी ऑरिन सोफ्यावरून म्हणाला, "हो. बाबांना यायची चक्कर." सहज, मदत म्हणून. मला बोलायला लागू नये म्हणून.

मी म्हणाले, "नाही."

एल्डन म्हणाला, "लिओटा." एवढंच. रागाने नाही. विनवल्यासारखं.

मी म्हणाले, "मिल्फर्डला आयुष्यात कधी चक्कर आली नाही. त्या सकाळी चार अंडी खाऊन गेला होता. स्क्रू चालू होता, पट्टा नव्हता, झाकणाशी कुणी नव्हतं. मी खोटं सांगितलं होतं. मला कुणी बांधून सांगायला लावलं नव्हतं, मीच सांगितलं." एल्डन आणि पास्टर आले होते, तेही सांगितलं. बाईने विचारलं, तारीख आठवते का. आठवते. सांगितली.

ऑरिनने विचारलं, "मग बाबा कसे गेले?"

"तू जात होतास तसे."

त्याने उशी पोटाशी ओढली. मग म्हणाला, "मी दोन महिने रोज उतरलो त्यात. तू मला दुपारी जेवायला वाढत होतीस." मी हो म्हणाले. फोटोच्या बटणाचंही सांगणार होते, पण तो उशी टाकून उठला होता. त्याने कपडे एका हाताने पिशवीत कोंबले. मी मदतीला गेले तर म्हणाला, "नको." ट्वायला आत्या येऊन त्याला घेऊन गेली. तिने माझ्याकडे पाहिलं नाही. मिल्फर्ड तिचा भाऊ होता.

दुसऱ्या दिवशी बाईने मोजलं. तीन फूट दहा इंच. सहा नंबरला बंदीचा लाल कागद लागला आहे, बाकीच्या कोठ्यांत पट्ट्याशिवाय कुणी उतरायचं नाही आणि स्क्रू बंद केल्याशिवाय तर नाहीच. मला काट्यावर यायला नको म्हणून सांगितलंय. रविवारी चर्चमध्ये आमच्या बाकावर मी एकटी होते. पास्टर शेवटी दाराशी हात मिळवतात, त्यांनी माझा हात घेतला आणि लगेच मागच्या माणसाकडे वळले. एल्डन आला नव्हता.

काल तीन मे होती. पहाटेपासून मी ओट्याशी उभी. सातला आवाज सुरू झाला, दोन नंबरचा असावा. ऑरिन कुठे आहे ते मला माहीत नव्हतं. मी गाडी काढली आणि ट्वायला आत्याच्या घराच्या रस्त्याने निघाले, हळू, थांबायचं नाही असं ठरवून. तो कुंपणाशी होता. डॉक्टरने नको म्हटलेलं असताना एका हाताने खांब धरून फळी ठोकत होता. खिळा वाकला असावा, त्याने अशी शिवी दिली की त्याच्या आजीने त्याला साबणाने तोंड धुवायला लावलं असतं. गाडी ओळखून त्याने वर पाहिलं. मग मान खाली घातली.

दोन मुलं आहेत मला आणि दोघंही माझ्याशी बोलत नाहीत. मी काच खाली करून पुढे गेले. वळणापर्यंत हातोडी ऐकू येत होती.

आई